टेकडीचे आवाज टिपायला सुरुवात करताय?
महागडा माइक आत्ता घेऊ नका, फोन पुरेल. पुण्यातल्या वेताळ टेकडीवरची एकच जागा ठरवा आणि उजाडताना तिथेच पुन्हा पुन्हा जा. दर वेळी नवी जागा ही नवख्यांची सर्वांत मोठी चूक. मग तुलना कशाशी करणार?

- दहा मिनिटं सलग, न हलता. जॅकेटची सळसळसुद्धा घात करते.
- तारीख, वेळ, वारा तिथल्या तिथे लिहा.
- गाड्यांचा आवाज पुसू नका! नेदरलँड्समधल्या लायडन शहरात गोंगाटातले ग्रेट टिट पक्षी वरच्या पट्टीत गातात, हे २००३ साली प्रसिद्ध झालं. आपले तांबट, बुलबुल काय करतात, ते गोंगाटासकटच कळेल.

वटवाघळांचे आवाज टिपणं नंतर बघू. पक्ष्यांना बोलवायला रेकॉर्डिंग मात्र कधीच वाजवू नका, विणीच्या काळात फार त्रास होतो त्यांना.