झाडावर चढलेली महावेल: तोडायची की राखायची?

प्रश्न: आमच्या गावाची छोटी देवराई आहे. जांभूळ, अंजनी, हिरडा अशी जुनी झाडं आहेत आणि त्यांवर मांडीएवढ्या जाड वेली चढल्यात. झाडं गुदमरतात म्हणून गावातली पोरं एका रविवारी सगळ्या वेली कोयत्यानं साफ करायच्या म्हणतात. तोडाव्यात का?
— एक वाचक, भुदरगड तालुका

उत्तर: एका रविवारात सगळ्या, हे तर नकोच. आधी एक गैरसमज काढू. महावेल म्हणजे बांडगूळ नव्हे. बांडगूळ फांदीत मुळं घुसवून झाडाचं पाणी ओढतं. गारंबी, पळसवेल, उक्षी, शिकेकाई, वाकेरी यांची मुळं जमिनीत असतात, झाडाचा त्या फक्त आधार घेतात. गारंबी पानाच्या टोकाच्या तणाव्यानं धरते, शिकेकाई आणि वाकेरी आकड्यांसारख्या काट्यांनी.

तरी पोरांचं म्हणणं अगदीच खोटं नाही. स्वतःचं खोड पोसायचा खर्च वेलीला फारसा नसतो. बारीक खोडावर ती भला मोठा पाला सांभाळते, शेंड्यावर पसरून झाडाचं ऊन अडवते आणि मुळाशी त्याच मातीतलं पाणी पिते. पनामातल्या जंगलात २०११ साली काही तुकड्यांतल्या वेली कापून काही तशाच राखल्या, तेव्हा वेली कापलेल्या तुकड्यांतली झाडं स्पष्टपणे जोमानं वाढली.

पण देवराई म्हणजे निलगिरीची लागवड नव्हे. शेकरू जमिनीवर उतरायचं टाळतं. दोन झाडांच्या फांद्या भिडत नसतील तिथं आडवी वेल हाच त्याचा पूल. उक्षी, पळसवेल उन्हाळ्याच्या तोंडावर फुलतात, तेव्हा मधमाश्यांना त्यांचा आधार असतो. शिवाय सगळं साफ केलं की ऊन थेट जमिनीवर पडतं, आणि वेलींना नेमकं तेच हवं असतं. वर्षा-दोन वर्षांत बुडख्यांतून फुटवे येऊन आधीपेक्षा दाट जाळी होते. देवराईच्या कडेला, रस्त्यालगत वेली जास्त माजलेल्या दिसतात त्या यामुळेच.

तेव्हा निवडून कापा. खाली उभं राहून झाडाचा शेंडा बघा. पाऊण शेंडा वेलीच्या पानांनी झाकला असेल, किंवा कोवळं रोप वेलीनं वाकवून जमिनीला टेकवलं असेल, तर तिथली वेल कापा. कडेची बोटभर जाडीची गुंतवळ विरळ करा. मांडीएवढी जुनी वेल मात्र राखाच. तेवढी जाडी यायला फार वर्षं जातात आणि तिचं वजन ते झाड कधीपासून पेलत आलंय.

कापायची वेळ दिवाळीनंतर ते डिसेंबर. पुढं पक्ष्यांच्या घरट्यांचा हंगाम सुरू होतो. वेल दोन ठिकाणी कापा, एकदा जमिनीलगत आणि एकदा छातीच्या उंचीवर. मधला तुकडा काढून बाजूला ठेवा, नाहीतर खालचा फुटवा वरच्या वाळक्या खोडाची शिडी करून परत चढतो. वरचा भाग ओढू नका. इथंच घात होतो: ओढली की वाळकी फांदी डोक्यावर येते, आणि एकच वेल तीन झाडांत गुंतलेली असली तर शेजारच्या झाडाच्या फांद्याही मोडतात. वरचा भाग तिथंच वाळून आपोआप गळू द्या. खाली पडलेलं मात्र मार्चआधी पायवाटेपासून दूर करा, वणव्याला ते आयतं जळण होतं. गुळवेल असेल तर नुसतं कापून भागत नाही. वरून ती दोऱ्यासारखी मुळं खाली सोडते आणि जमीन गाठून पुन्हा जगते.

एका हिवाळ्यात एकच कोपरा घ्या आणि पुढचा पावसाळा त्याचं काय होतं ते बघा. देवराई वनखात्याच्या नोंदीत असेल तर आधी परवानगी. राधानगरी अभयारण्याच्या हद्दीत तर १९७२ च्या वन्यजीव कायद्यामुळं शिकेकाईची वेलसुद्धा परवानगीशिवाय तोडता येत नाही.

प्रश्न: तुटून पडलेल्या एका वेलीच्या कापात झाडासारखी वर्तुळं दिसली. ती मोजून वय सांगता येईल का?
— एक वाचक, शाहूवाडी

उत्तर: नाही. वर्तुळं ठसठशीत आणि खोडाला पेरांसारख्या फुगीर गाठी असतील, तर ती बहुधा कुंबळ, म्हणजे उंबळी. झाडात लाकूड तयार करणारा थर एकच असतो. कुंबळीत जुन्या थराच्या बाहेर नवा थर तयार होतो, त्याच्या बाहेर आणखी एक. म्हणून लाकडाची कडी आणि मऊ सालीची कडी आलटून पालटून दिसतात. त्यांचा वर्षाशी संबंध नाही. या रचनेचा वेलीला फायदा असा की खोड दोरखंडासारखं पिळवटलं तरी लाकूड तडकत नाही. कापावर भिंग धरा, सुईनं टोचल्यासारखी भोकं दिसतील. त्या पाणी वर नेणाऱ्या नळ्या. जाताजाता, कुंबळीची पानं रुंद असली तरी ती सूचिपर्णी झाडांच्या नात्यातली आहे. तिला खरं फूल येत नाही.

प्रश्न: गारंबीची बी मिळाली आहे. रुजवायची कशी?
— एक वाचक, कोल्हापूर शहर

उत्तर: कवच दगडासारखं आहे, तशीच पेरली तर महिनोन् महिने पडून राहील. जिथून बी शेंगेला जोडलेली असते तो डोळा सोडून, समोरच्या कडेला कानशीनं घासा. आतला पांढरट भाग दिसला की थांबा. मग एक दिवस पाण्यात ठेवा. फुगली तर पेरा, न फुगल्यास आणखी थोडं घासा. मोठ्या पिशवीत, दोन बोटं खोल. पाणी साचू दिलं तर घासलेल्या जागेतून कुजते. कच्ची बी विषारी आहे, मुलांच्या हाती देऊ नका. आणि शहरातल्या दोन गुंठ्यांच्या परसात तर ही लावूच नका. शेंगच हातभर, कधी त्याहून लांब असते आणि वेल शेजाऱ्याच्या आंब्यावर जायला तुमची परवानगी विचारत नाही.