मूकपटांच्या काळातली विस्मरणात गेलेली दिग्दर्शिका: लोइस वेबर

तुम्ही विचारलंय की मूकपटांच्या जमान्यात मोठं असलेलं, पण आज फारसं कुणाला माहीत नसलेलं एखादं नाव सांगा. मी लोइस वेबर यांचं नाव सांगेन. अमेरिकेतल्या या बाई पटकथा स्वतः लिहायच्या, दिग्दर्शन करायच्या आणि सुरुवातीच्या चित्रपटांत भूमिकाही करायच्या.

जन्म १८७९चा, पेनसिल्व्हेनियातला. तरुणपणी त्या पियानो वाजवायच्या. चर्चच्या सेवाकार्यात गरीब वस्त्यांमधून, रस्त्यांवर प्रार्थनागीतं गायच्या. तिथे पाहिलेली गरिबी पुढे त्यांच्या चित्रपटांत पुन्हापुन्हा दिसते. मग रंगभूमी, १९०४मध्ये नट फिलिप्स स्मॉली यांच्याशी लग्न आणि काही वर्षांत दोघंही सिनेमात.

१९१३, म्हणजे आपल्याकडे फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आला तेच वर्ष. त्या वर्षी वेबरबाईंचा दहा-एक मिनिटांचा 'सस्पेन्स' आला. घरात एकटी आई आणि तान्हं बाळ, मोलकरीण काम सोडून जाताना पायपुसण्याखाली किल्ली ठेवून गेलेली आणि ती नेमकी एका भटक्याच्या हाती लागते. बाई नवऱ्याला फोन करते, तेव्हा पडद्याचे तीन तिरके भाग होतात: बायको, नवरा आणि घरात घुसणारा माणूस, तिघं एकाच वेळी दिसतात. पुढे पाठलागात मागून येणारी पोलिसांची गाडी पुढच्या गाडीच्या आरशात दिसते. हे आजही बघताना जीव मुठीत येतो.

पुढची दोन-तीन वर्षं फार धामधुमीची गेली. १९१५च्या 'हिपोक्रिट्स'मध्ये 'सत्य' एका नग्न स्त्रीच्या रूपात दाखवल्याने गदारोळ झाला. १९१६च्या 'व्हेअर आर माय चिल्ड्रन?'मध्ये संततिनियमन आणि गर्भपात हे विषय होते. पेनसिल्व्हेनियात त्यावर बंदी आली, इतर ठिकाणी तो तुफान चालला.

पण मला त्या खऱ्या भेटल्या 'शूज'मध्ये (१९१६). दुकानात आठवड्याला पाच डॉलरवर राबणारी मुलगी. बाप घरी वाचत पडलेला, सगळं घर तिच्या पगारावर चाललेलं. तिच्या बुटांचे तळ झिजून भोकं पडलीत, म्हणून ती पुठ्ठा कापून आत घालते आणि पावसात त्याचा लगदा होतो. नव्या जोडाचे पैसे दर आठवड्याला दुसऱ्याच कशात तरी जातात. शेवटी त्या एका जोडासाठी ती काय किंमत मोजते, हे तुम्ही स्वतः बघा. कॅमेरा मात्र सतत तिच्या पायांकडे लक्ष ठेवून असतो.

१९१७मध्ये त्यांनी स्वतःचा स्टुडिओ काढला आणि त्यातून १९२१मध्ये 'द ब्लॉट' आला. पगार पुरत नसलेल्या प्राध्यापकाचं घर, शेजारी खाऊनपिऊन सुखी असलेला चांभार. विरलेला गालिचा, फाटलेली खुर्ची, शेजाऱ्यांच्या उकिरड्यात तोंड घालणारी यांची मांजर. मुलगी आजारी, तिला सकस काही द्यायला घरात पैसे नाहीत. प्राध्यापकाची बायको शेजाऱ्यांच्या स्वयंपाकघरातली कोंबडी उचलते, पण तिला ते सोसत नाही आणि ती परत ठेवते. मुलीने फक्त उचलतानाच पाहिलेलं असतं. आपल्याकडे तासिका तत्त्वावर शिकवणाऱ्या कुणाही प्राध्यापकाला हा चित्रपट दाखवा, शंभर वर्षांचं अंतर त्याला जाणवणारही नाही.

नेमकं इथेच त्यांचं नशीब फिरलं. पॅरामाउंटशी दर चित्रपटाला पन्नास हजार डॉलरचा करार झाला होता, पण त्या कंपनीने पुढचे चित्रपट वितरित करायला नकार दिला. पहिलं महायुद्ध संपलं होतं. लोकांना आता मौजमजा आणि झगमगाट हवा होता. १९२२मध्ये घटस्फोट झाला. नंतर थोडं काम मिळालं, १९३४मध्ये एकच बोलपट. १९३९मध्ये त्या गेल्या, तेव्हा हाती काही उरलं नव्हतं. अंत्यविधीचा खर्च पटकथालेखिका फ्रान्सिस मॅरियन यांनी केला. मॅरियनना या व्यवसायात पहिली संधी वेबरबाईंनीच दिली होती.

त्या विस्मरणात गेल्या याचं एक साधं कारण म्हणजे बहुतेक रिळं नष्ट झाली. 'द ब्लॉट'सुद्धा हरवलाच असं धरलं गेलं होतं, तो १९७०च्या दशकात सापडला. चित्रपट नसतील तर नाव तरी कशाच्या आधाराने टिकणार? आता मात्र 'सस्पेन्स', 'शूज' आणि 'द ब्लॉट' हे तिन्ही चित्रपट बघायला मिळतात. आधी 'सस्पेन्स' बघा, मग 'शूज'. 'द ब्लॉट' संथ आहे, तो निवांत वेळ काढून बघा.