टीव्हीवरच्या सिनेमाला कात्री नक्की कोण लावतं?

थिएटरात ‘ए’ (फक्त प्रौढांसाठी) सर्टिफिकेटवर लागलेला सिनेमा टीव्हीवर ‘यूए’ (मुलांनाही पालकांसोबत चालेल असा) होऊन येतो, तर मधले प्रसंग चॅनेल उडवतं की सेन्सॉर, असं विचारलंय. बहुतेक वेळा निर्माता स्वतःच उडवतो. पैशासाठी.

केबल टीव्हीचे नियम १९९४चे. सरसकट सगळ्यांना दाखवण्याजोगं नसेल ते केबलवर नको, असं त्यात होतंच. पाळत कोणी नव्हतं. रात्री उशिरा इंग्रजी चॅनेलांवर काय लागायचं, हे नव्वदीत वाढलेल्यांना सांगायला नको! पुढे मुंबईतल्या एका प्राध्यापिकेने उच्च न्यायालयात जनहित याचिका केली आणि २००५च्या डिसेंबरात ‘ए’ सिनेमे टीव्हीवर दाखवायला मनाई झाली. तरी ढिलाई चाललीच होती. ऑगस्ट २००६मध्ये पोलीस केबलवाल्यांकडे पोचले, तेव्हा मुंबईत सिनेमाचे चॅनेल काही दिवस चक्क बंद पडले. त्यानंतर सॅटेलाइट राइट्स (टीव्हीवर दाखवण्याचे हक्क) विकायचे तर ‘यू’ (सगळ्यांसाठी) किंवा ‘यूए’ लागणारच, हे निर्मात्यांना कळून चुकलं. म्हणून ते शिव्या म्यूट करतात, दृश्यं छाटतात आणि ती प्रत पुन्हा सेन्सॉर बोर्डाकडे नेतात. चॅनेलवाले घाबरून आणखी बीप टाकतात ते वेगळेच.

गंमत म्हणजे त्याच ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयाने दूरदर्शनला आनंद पटवर्धनांचा ‘फादर, सन अँड होली वॉर’ हा धार्मिक हिंसा आणि पुरुषीपणा यांवरचा माहितीपट दाखवायला लावला. त्याच्या दुसऱ्या भागाला ‘ए’ होतं! दूरदर्शन कित्येक वर्षं नकार देत होतं, आणि खरी अडचण सर्टिफिकेटची नव्हती, विषयाची होती, असं माझं मत.

बरं, नवं सर्टिफिकेट मिळालं की सुटका, असंही नाही. ‘द डर्टी पिक्चर’ला पन्नासहून जास्त कट मारून ‘यूए’ मिळवलं होतं. एप्रिल २०१२च्या एका रविवारी तो दाखवणार म्हणून जाहिरातींचा मारा झाला. ऐनवेळी माहिती व प्रसारण मंत्रालयाने रात्री अकरानंतर दाखवा म्हणून कळवलं आणि चॅनेलने प्रक्षेपणच रद्द केलं. रात्री अकराच चालणार होते, तर मूळ सिनेमाच का नाही दाखवायचा?

सिनेमॅटोग्राफ कायद्याच्या २०२३च्या दुरुस्तीने ‘ए’ सिनेमाला टीव्हीसाठी वेगळं सर्टिफिकेट देण्याची सोय थेट कायद्यातच आली. थोडक्यात, दोन प्रती निघणं आता अधिकृत आहे. तुम्हाला थिएटरातली प्रत हवी असेल, तर टीव्हीची वाट बघू नका.