संशोधन आणि लोकांसाठी विज्ञान, दोन्ही जमतं का?

तुम्ही विचारलंय, एमएस्सीनंतर खगोलभौतिकीत पीएचडी करायची आहे, शाळांमध्ये जाऊन बोलायचंही आहे, पण सीनियर म्हणतात, "आधी पेपर काढ, बाकीचं नंतर." मी बारा वर्षं दीर्घिकांवर, म्हणजे आपल्या आकाशगंगेसारख्या ताऱ्यांच्या प्रचंड समूहांवर काम करतोय आणि जवळपास तितकीच वर्षं मुलांशी बोलतोय. जमतं. फक्त सीनियरचं म्हणणं खोटं नाही. पोस्टडॉकसाठी, म्हणजे पीएचडीनंतरच्या संशोधनाच्या जागेसाठी, अर्ज केलात की शोधनिबंध बघतात, व्याख्यानं नाही. त्यामुळे पीएचडीच्या काळात महिन्याला एक शनिवार, एवढंच ठेवा.

पण त्या शनिवारी संशोधन थांबतं, असं मात्र समजू नका. विश्वाचं प्रसरण समजावताना मी फुग्यावर दीर्घिका म्हणून स्केचपेनने ठिपके काढून तो फुगवायचो. एकदा सातवीतली एक मुलगी उठून म्हणाली, "सर, ठिपकेपण मोठे झाले. सगळंच ताणलं जात असेल तर तुमची पट्टीपण ताणली जाणार ना? मग कळतं कसं?" समीकरणं मी कितीतरी वेळा सोडवली होती, तरी क्षणभर गप्प झालो. पट्टीतले अणू विद्युतबलाने बांधलेले असतात, आकाशगंगा गुरुत्वाकर्षणाने. त्या ताणल्या जात नाहीत. वाढतं ते दीर्घिकांच्या समूहांमधलं अंतर. तेव्हापासून मी ठिपके काढत नाही, टिकल्या चिकटवतो. फुगा फुगतो, टिकली तेवढीच राहते. आणि मलाही ते खरं त्या दिवशी कळलं.

आपल्याकडे दोन्ही जमवल्याचं सगळ्यात मोठं उदाहरण म्हणजे खगोलशास्त्रज्ञ जयंत नारळीकर. ब्रिटिश खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉईल यांच्याबरोबर गुरुत्वाकर्षणाचा सिद्धांत मांडला, १९७२ साली केंब्रिज सोडून मुंबईतल्या टीआयएफआर या संशोधन संस्थेत आले, १९८८ साली पुण्यात आयुका ही खगोलशास्त्राची संशोधन संस्था उभी केली आणि या सगळ्यात मराठीतून विज्ञानकथा लिहिल्या. मुलं सही मागायला आली की म्हणायचे, पोस्टकार्डावर प्रश्न लिहून पाठवा, उत्तराखाली सही मिळेल. विश्वाची सुरुवात महास्फोटातून झाली, हे ते मानत नसत. त्या बाबतीत बहुतेक खगोलशास्त्रज्ञ त्यांच्याशी सहमत नव्हते, मीही नाही. पण त्यांचा फलज्योतिषाचा प्रयोग बघा. भाषण न करता त्यांनी २०० मुलांच्या पत्रिका जमवल्या, निम्म्या हुशार मुलांच्या, निम्म्या मतिमंद मुलांच्या. २७ ज्योतिषांनी प्रत्येकी ४० पत्रिका पाहून कोणती कोणाची ते सांगितलं. ४६ टक्के उत्तरं बरोबर आली. नाणं उडवलं असतं तर साधारण ५० टक्के आली असती. हे लोकांसाठी केलेलं काम होतं, पण रीत संशोधनाचीच.

तर गाईड निवडताना विषयाइतकंच हेही विचारा, की शनिवारी शाळेत गेलेलं त्यांना चालेल का. मला दुसऱ्या वर्षी "वेळ वाया घालवतोस" असं ऐकावं लागलं होतं, ते फार लागलं. आणि सुरुवात पाचवी-सहावीच्या वर्गापासून करा. कॉलेजची मुलं संकोचाने विचारत नाहीत, ही विचारतात.