पाटणला रात्री जमिनीतून घुमल्यासारखा आवाज येतो आणि भांडी आपोआप वाजतात. हा काय प्रकार आहे?

नोकरीसाठी नुकतेच पाटणला आलात, मध्यरात्री आवाज झाला, मांडणीवरची भांडी थरथरली आणि शेजारी मात्र कूस बदलून झोपले, असं तुम्ही लिहिलंय. घराला काही बाधा आहे का, ही तुमची शंका. तसं काही नाही. तो भूकंपाचा धक्का होता. मी याच कोयना खोऱ्यात वाढलोय. इथले धक्के बहुतेक दहा किलोमीटरच्या आतच, म्हणजे फार खोल नसलेल्या जागी होतात, म्हणून हादऱ्याबरोबर तो घुमणारा आवाजही कानावर येतो.

१९६२ च्या सुमारास कोयना धरणाच्या शिवाजीसागर जलाशयात पाणी साठू लागलं आणि त्यानंतर हे धक्के सुरू झाले. खडकात ताण आधीपासून होताच. त्यात वरून पाण्याचं वजन आलं, शिवाय पाणी झिरपत खोल भेगांत गेलं. त्याच्या दाबाने भेगेच्या दोन्ही बाजूंची एकमेकींवरची पकड सैल होते आणि खडक सरकतो. याच भूकंपांच्या अभ्यासासाठी कराडला केंद्र सरकारची प्रयोगशाळा आहे आणि कोयना भागात ३ किलोमीटर खोल बोअर घेतलीय.

शेजारी शांत झोपतात, कारण सवय झालीय. पण "लहान धक्क्यांनी दाब निघून जातो, मोठा येत नाही" असं कोणी सांगितलं तर मान डोलावू नका. ६ रिश्टरच्या एका भूकंपात जेवढी ऊर्जा असते, तेवढी भरून काढायला ४ रिश्टरचे सुमारे हजार धक्के लागतील. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे इथे ६.३ रिश्टरचा भूकंप झाला, १७५ हून अधिक माणसं गेली. मातीत रचलेल्या दगडी भिंती झोपलेल्यांवर कोसळल्या. आमच्याकडच्या म्हाताऱ्या माणसांना ती पहाट आजही सांगवत नाही.

म्हणून तुमची झोप उडाली यात कमीपणा काहीच नाही. मला तर ती भीती आमच्या सवयीपेक्षा शहाणी वाटते. घरमालकांना विचारा: भिंती कशाच्या आहेत? दारं-खिडक्यांच्या वरून चारी भिंतींना बांधणारा सलग काँक्रीटचा पट्टा आहे का? भिंती दगडमातीच्या असतील आणि पट्टा नसेल, तर दुसरी खोली शोधा. तोवर पलंग भिंतीपासून दूर घ्या आणि डोक्यावरच्या फळीवर ट्रंक, पिंप असं काही जड असेल तर ते आजच खाली उतरवा.