एनएफएलमध्ये, म्हणजे अमेरिकन फुटबॉलच्या लीगमध्ये, हिप-ड्रॉप टॅकल बॅन का केला? टॅकल तर टॅकलच ना?

नाही हो, फरक आहे. टॅकल म्हणजे बॉल घेऊन पळणाऱ्याला धरून पाडणं, पण यात डिफेंडर त्याला मागून किंवा बाजूने धरतो, स्वतःची कंबर फिरवून पाय जमिनीवरून सोडतो आणि सगळं वजन समोरच्याच्या पायावर टाकतो, मग घोटा, गुडघा गेलाच समजा. २०२३ मध्ये रेव्हन्स टीमच्या मार्क अँड्र्यूजचा घोटा असाच गेला. म्हणून मार्च २०२४ मध्ये टीमच्या मालकांनी बंदी घातली, पेनल्टी १५ यार्ड आणि वर ऑटोमॅटिक फर्स्ट डाऊन, म्हणजे बॉल असलेल्या टीमला पुढे जायला नव्याने चार संधी. गंमत म्हणजे प्लेयर्सच्या युनियनचाच विरोध होता, पळत्या माणसाला धरताना एवढा विचार कोण करणार म्हणे. मुद्दा अगदीच चुकीचा नाही, पण २००५ ला हॉर्स-कॉलर म्हणजे मागून कॉलर धरून खेचणं बंद केलं, तेही शिकलेच की सगळे.