जपानी पॉपची सुरुवात 'फर्स्ट लव्ह'पासून करतोयस, तर एवढंच कर

निवड छान आहे तुझी! उताडा हिकारू यांचा हा पहिला जपानी अल्बम, १० मार्च १९९९चा. तेव्हा वय १६, आणि गाणी स्वतः लिहिलेली. जपानात ७० लाखांहून जास्त प्रती खपल्या.

बहुतेक नवे लोक शीर्षकगीत तेवढं ऐकतात आणि 'हळवा अल्बम आहे' म्हणून पुढे जातात. तसं करू नकोस.

- सुरुवात 'ऑटोमॅटिक'ने कर, हेडफोन लावून. आधी अर्थ शोधू नकोस, शब्द कुठे तुटतात ते ऐक. पहिल्याच ओळीत 'बेरु', म्हणजे घंटी, हा शब्द मधोमध तोडलाय. अमेरिकन आर अँड बीची (रिदम अँड ब्लूज या कृष्णवर्णीय अमेरिकन संगीतप्रकाराची) लय जपानी भाषेत अशी बसवलीय. मला हे कळलं तेव्हा अख्खा अल्बम पुन्हा पहिल्यापासून ऐकला होता.
- मग 'नेव्हर लेट गो'. गिटार ओळखीची वाटेल. ती ब्रिटिश गायक स्टिंगच्या 'शेप ऑफ माय हार्ट'मधली आहे.
- शफल बंद. शेवटचा रीमिक्स सध्या सोडून दे.

उताडा यांच्या आई फुजी केइको या एन्का, म्हणजे जुन्या वळणाच्या जपानी भावगीतांच्या, गायिका होत्या. त्या गाण्यांकडे नंतर वळू. आठवडाभर हाच अल्बम ऐक, आणि कुठलं गाणं मनात राहिलं ते मला नक्की सांग.